कोठडीत लागलेला डोळा
पोरी, हे पत्र घाईघाईनं वाचत नको जाऊ बरं. आज ओल्या चुन्याचा वास आला अन् तसाच वास असलेला एक जुना राजवाडा आठवला. आम्ही आठजणी पाहाले गेलो होतो. जिने चढून माहे गुडघे गेले होते. गाइड म्हणे, "ही कोठडी." मले वाटलं, आपल्या घरच्यासारखी धान्याची असन. गार होती, म्हणून जरा टेकली, तर डोळाच लागला. उठली तर बाहेरून कडी! किती हाका मारल्या, कोणी ऐके ना. शेवटी माही जाऊ परत आली. "कैद्याच्या कोठडीत झोपली का वं बाई? चहाचा एक कप उरला, तवा समजलं!" आता माही ती जाऊ या जगात नाही, मी दिसली नाही तर शोधणारं कोणी राह्यलं नाही. लवकर ये वं भेटाले.