पुढच्या महिन्यातल्या लिची

को यू-चिंग मुळातच संशयी. बाप पिंगतुंगच्या बाजारात मासे विकायचा आणि तडफडता मासाही लोक हुंगून घेतात, हे बघतच ती मोठी झाली. गावच्या कचेरीत ती प्रोबेशनवर लागली, तेव्हापासून तिनं कुणाच्याच बोलण्यावर भरवसा ठेवला नव्हता. पात्रता परीक्षेत नापास झालं की नोकरी जाणार, आणि ती परीक्षा देऊन आता महिना होत आला होता.

"निकाल आला का हो, साहेब?"

"आला की सांगेन ना. काम कर," साहेब खिडकीकडे बघत म्हणाले.

त्या दिवसापासून सगळे तिच्याशी फारच गोड वागायला लागले. नेहमी खेकसणाऱ्या शिऊ-लानताईंनी तर तिची ओली छत्री वाळत घातली. यू-चिंगच्या मनात पाल चुकचुकली.

शुक्रवारी ताई लिचीच्या पेट्यांची मागणी घेत टेबलाटेबलावर फिरल्या. कचेरीत फळं सगळे मिळूनच मागवायचे, आणि या पेट्या पुढच्या महिन्यात येणार होत्या. यू-चिंगचं टेबल सोडून ताई पुढे गेल्या.

"ताई, मला विसरलात."

"अगं, तुला कुठे आवडते लिची?"

"अननस आले तेव्हा मला खादाड कोण म्हणालं होतं? दोन पेट्या लिहा माझ्या."

ताईंनी पेन उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं. वर मात्र बघितलं नाही.

"लिहिते," त्या हळूच म्हणाल्या. "घरचा पत्ता सांग."