नदीकडे तोंड

आमच्या काकू कुणाच्याही घरी गेल्या, की बसण्याआधी खुर्ची फिरवायच्या. नदीच्या दिशेला. मध्ये भिंत असली तरी! मग आपण त्यांच्या अंबाड्याशी बोलायचं आणि त्यांनी आपल्या कॅलेंडरशी.

नात्याच्या नव्हेत, शेजारच्या. अकोल्यात आमच्या गल्लीमागून मोर्णा वाहते, हे पाहुण्यांना आम्ही नाकाला रुमाल लावून सांगत असू. साऱ्या घरांची पाठ तिच्याकडे; सांडपाणी, केरकचराही तिकडेच. "दाराशी आलेल्या मायले पाठ काहून दाखोता रे?" काकू विचारायच्या.

पुढे काठाची सफाई झाली. फरशा आल्या, कठडा आला, बाक आले. आणि गंमत पाहा, सगळ्या बाकांची तोंडं रस्त्याकडे! आम्हाला त्यात काहीच वावगं दिसलं नाही. काकूंना मात्र अन्न गोड लागेना. त्यांनी मुकादमाला गाठलं.

"नकाशात असंच हाय, काकू."

"नकाशा काढनाऱ्यानं नदी पाह्यली हाय काय?"

मुकादम हसून सटकला. पण शेवटचा एक बाक बसवायचा राहिला होता. त्या दिवशी काकूंनी काठावरच गोवऱ्या पेटवल्या आणि सगळ्या कामगारांना रोडग्यांचं आवतण दिलं. कणकेचे ते जाड गोळे एकदा निखाऱ्यात पुरले, की माणसाच्या हाती वाट पाहणंच उरतं, हे तुम्ही जाणताच. शेजारी वांग्याची भाजी रटरटत होती.

"बसून काय राह्यले? तवर तेवढा बाक नदीकडं तोंड करून लावून टाका. मंग जेवू."

मुकादमानं एकदा भाजीकडे पाहिलं आणि नकाशाची घडी घातली.

सिमेंट वाळायच्या आत त्यावर पहिलं कोण बसलं असेल? मीच, पोटात तूप ओतलेले चार रोडगे घेऊन. बाक मागे कलला तो कललाच. त्यामुळे बसणाऱ्याला आधी आभाळ दिसतं, मग मोर्णा.

सुरुवातीला लोक हसले. आता संध्याकाळी त्याच बाकासाठी भांडणं होतात.

काकू मात्र अमरावतीला मुलाकडे राहायला गेल्या, चौथ्या मजल्यावर. फोन करतात. माझी तब्येत विचारत नाहीत.

"पानी कसं हाय?"

"छान आहे, काकू."

"पाहून सांगून राह्यला, का सोफ्यावरून?"

मी गुपचूप चपला घातल्या आणि काठावर आलो.

"काकू, बाकावर जागाच नाही. दोन पोरी बसल्यात, एक आजोबा आहेत, त्यांची भाजीची पिशवी आहे."

पलीकडून खुदकन हसू ऐकू आलं.

"मंग उभा राह्य ना! पाय हायेत ना तुले?"

मी कठड्याला टेकलो आणि त्यांना पाणी सांगत राहिलो.