अण्णांच्या पलटणीला क्रोम

दोनशे वर्षांत, कित्येक लढायांत, कुठल्याही शत्रूला जे जमलं नाही ते मी चाकणच्या कारखान्यात दीड तासात करून दाखवलं. माझ्या सासऱ्यांची अख्खी पलटण मी उघड्यावर आणली.

हे शौर्य माझ्या हातून कसं घडलं ते सांगण्याआधी सासऱ्यांची ओळख करून द्यायला हवी. आम्ही त्यांना अण्णा म्हणतो. राजगुरुनगरजवळच्या एका खेड्यातला माणूस, रायफल पलटणीतून सुभेदार म्हणून निवृत्त झालेला. (आपल्याकडचा माणूस त्या पलटणीत कसा गेला असं विचारलं की म्हणतात, "भरतीला दोन रांगा व्हत्या. एकीवर ऊन व्हतं, दुसरीवर सावली.") रायफलवाल्यांची चाल इतरांपेक्षा जलद असते म्हणे. ते खरं असावं, कारण अण्णा दुधाची पिशवी आणायला निघाले तरी बरोबरच्या माणसाला धाप लागते. दर रविवारी ते आमच्याकडे चिंचवडला जेवायला येतात आणि मटणाचा रस्सा संपला की पलटणीचा इतिहास सुरू करतात.

हा इतिहास मी लग्न झाल्यापासून एकोणीस वर्षं ऐकत आलोय. ऐकत म्हणजे, "हो का!", "बाप रे!" आणि "मग?" एवढ्या तीन उद्गारांवर माझं भागतं. पोट तुडुंब भरलेलं, डोक्यावर पंखा, समोर कुणीतरी लाल डगलेवाले, त्यांच्या पुढे कुणीतरी हिरवे डगलेवाले... त्या दोघांची गाठ पडायच्या आत माझे डोळे मिटलेले असतात. पण झोपेतही माझं "बाप रे!" बरोबर जागेवर पडतं. अण्णा माझ्या बायकोला म्हणायचे, "जावईबापूंना इतिहासाची लई आवड हाय बरं का." मला त्या कौतुकाची थोडी लाज वाटायची, पण झोप त्याहून जास्त यायची.

माझा धंदा वेगळा. मी चाकणला एका प्लेटिंग शॉपचा सुपरवायझर आहे. गाड्यांची हँडलं, नळांच्या तोट्या, जे येईल ते घासायचं, धुवायचं, निकेल चढवायचं, वर क्रोम द्यायचं. बावीस वर्षं हेच काम केल्यामुळे माझी नजर कायमची बिघडली आहे. जगातल्या वस्तूंचे मला दोनच प्रकार दिसतात, चकचकीत झालेल्या आणि अजून व्हायच्या राहिलेल्या. लग्नात लोक नवरीकडे बघतात तेव्हा मी समईचा बुडखा बघत असतो.

तर गेल्या वर्षी चिंचवडच्या एका हॉलमध्ये अण्णांच्या पलटणीतल्या निवृत्त मंडळींचं संमेलन ठरलं. वार गुरुवार, कारण आमच्या एमआयडीसीची साप्ताहिक सुट्टी गुरुवारी, आणि निम्मी मंडळी आता इथल्या कंपन्यांत सिक्युरिटीच्या नोकरीला. अण्णांचे जुने कर्नलसाहेब खास त्यासाठी येणार होते. अण्णा सोमवारीच ट्रंक घेऊन आमच्याकडे राहायला आले. ट्रंकेतून त्यांनी पलटणीचा गडद हिरवा कोट काढला, दोन्ही हातांनी माझ्यापुढे धरला आणि म्हणाले, "जावईबापू, एवढा ड्रायक्लीनला टाका. वीस वर्सांनी साहेबांफुडं उभं ऱ्हायचंय."

त्यांचा आवाज जरा हलला. मला भरून आलं. मी म्हणालो, "अण्णा, निश्चिंत राहा. कोट असा करून आणतो की साहेब बघतच राहतील!" (हे वचन मी शब्दशः पाळलं.)

लाँड्रीवाल्यानं कोट उलटापालटा केला आणि म्हणाला, "बटणं काढून न्या, मशीनमध्ये खराब होतील." पुढची सहा आणि बाह्यांची चार, अशी दहा बटणं कागदाच्या पुडीत माझ्या हातात आली. मी पुडी उघडून बघितली आणि माझा जीव गलबलला. काळी ठिक्कर! वर कसलीशी नक्षी होती, तीही काळी! देशासाठी आयुष्य घालवलेल्या माणसाची बटणं अशी, आणि जावई कुठे कामाला, तर प्लेटिंगमध्ये! मला स्वतःचीच शरम वाटली. बुधवारी सकाळी ती पुडी डब्याच्या पिशवीत घालून मी चाकणला नेली.

आमचे रफिकभाई बफिंगचे, म्हणजे घासून चकाकी आणण्याचे उस्ताद. दापोडीहून येतात, बोलतात कमी आणि बोलतात ते बरोबर. त्यांनी एक बटण नखानं खरवडलं, डोळ्यासमोर धरलं.

"साहेब, हे मळलेलं नाय. हे काळं केलेलं आहे. मुद्दाम."

"मुद्दाम कोण कशाला काळं करेल?"

"ते मला काय माहीत? सासरेबुवांना एक फोन लावा ना."

"सरप्राइज आहे हो, रफिकभाई!"

"साहेब, सरप्राइज दोन्हीकडून होतं," रफिकभाई म्हणाले आणि त्यांनी मशीन चालू केलं.

काळा थर उतरला आणि खाली पितळ निघालं. मी लहान मुलासारखा उड्या मारायचा बाकी होतो! बफ फिरला, नक्षी उजळली, तर ती बिगुलाची निघाली. जिगला, म्हणजे टाकीत सोडायच्या चौकटीला टांगून निकेल, धुऊन क्रोम. मोटारीच्या शोरूममध्ये ठेवावीत अशी दहा बटणं! संध्याकाळी लाँड्रीतून कोट घेतला, शेजारच्या टेलरकडून बटणं लावून घेतली आणि कव्हर घालून कपाटात टांगला. अण्णांनी विचारलं, "झाला का कोट?" मी नुसताच गालात हसलो.

गुरुवारी सकाळी आठ वाजता अण्णा दाढी करायला सलूनमध्ये गेले. कार्यक्रम अकराला होता. मी वैशालीला, म्हणजे बायकोला, हाताला धरून कपाटापुढे आणलं आणि जादूगाराच्या थाटात कव्हर ओढलं.

"टँ टडँ!"

खिडकीतून ऊन येत होतं. सहाही बटणांनी ते भिंतीवर फेकलं. वैशालीनं आधी भिंतीकडे बघितलं, मग कोटाकडे, मग माझ्याकडे.

"अहो, ही कुणाची बटणं?"

"अण्णांची!"

"अण्णांची काळी होती."

"होती! तेच तर!"

ती पलंगावर बसली. "तुम्ही एकोणीस वर्षं दर रविवारी काय ऐकलंत हो?"

"इतिहास..."

"कसला इतिहास? सांगा बरं!"

मी म्हणालो, "एक लाल डगलेवाले होते..." आणि थांबलो. पुढे मला कधीच जाग नव्हती.

मग वैशालीनं एका श्वासात सांगितलं. "पूर्वीच्या पलटणी लाल डगले घालून, पितळी बटणं चमकवत, झेंडे आणि ढोल घेऊन रांगेनं चालायच्या. रायफलवाले त्यांच्या पुढे जायचे, झाडाझुडपांत, दगडाआड लपून. म्हणून त्यांचा पोशाख हिरवा. ढोल नाही, बिगुल. झेंडासुद्धा नाही, कारण झेंडा दिसला की माणूस दिसला! आणि बटणं काळी, कारण बटण चमकलं की गोळी आली! शाळेत असल्यापासून मला पाठ आहे हे!"

"बाप रे!" मी म्हणालो. एकोणीस वर्षांत पहिल्यांदा मनापासून.

"आणि ती नुसती बटणं नव्हती. अण्णांना जखमी असताना ज्यांनी पाठीवर घालून डोंगरावरून खाली आणलं ना, त्या त्यांच्या ट्रेनिंगच्या उस्तादांनी पेन्शनीत जाताना स्वतःच्या कोटाची काढून दिलेली. अण्णांनी ती आपल्या कोटाला लावून एवढी वर्षं ट्रंकेत जपली." तिचे डोळे भरले. म्हातारा माणूस वीस वर्षांनी आपल्या साहेबांपुढे उभा राहणार होता, आणि मी त्याला नळाच्या तोटीसारखा चमकवून ठेवला होता!

मी रफिकभाईंना फोन लावला. "भाई, बटणं परत काळी करायची! तीन तासांत!"

पलीकडून रफिकभाई म्हणाले, "मी बोललो होतो."

"ब्लॅकोडायझिंग करूया? रसायनात बुडवून काळी?"

"ते लोखंडाला होतं साहेब. हे पितळ, वर निकेल, वर क्रोम. आणि आज वार कोणता?"

गुरुवार! बावीस वर्षं ज्या वाराची मी वाट बघत आलो तो आज असा उलटला! भोसरीपासून चाकणपर्यंत प्रत्येक शटर बंद. मी आधी बुटाचं पॉलिश लावून बघितलं, ते बोटांना लागलं, बटणाला नाही. मग वैशालीचं काजळ. मग मार्कर पेन. क्रोमनं सगळं झटकून टाकलं. (इतकं उत्तम प्लेटिंग मी आयुष्यात केलं नव्हतं!) शेवटी कोट स्कूटरवर टाकून दापोडी गाठली. तिथे रफिकभाईंच्या मेहुण्याचं गाड्यांच्या रंगकामाचं गॅरेज होतं. त्यांनी कोटाला वर्तमानपत्र बांधून बटणांवर काळा फवारा मारला.

मेहुणे म्हणाले, "भाऊ, क्रोमवर प्रायमरशिवाय रंग धरत नाही हां."

"माहीत आहे," मी म्हणालो. हेच वाक्य मी दर वर्षी नव्या ट्रेनींना शिकवतो.

"संध्याकाळपर्यंत वाळू द्या. कुणाचा हात लागू देऊ नका."

सव्वादहाला घरी पोचलो. वैशालीनं केसांच्या ड्रायरनं बटणं शेकली. अण्णा तुळतुळीत दाढी करून तयार उभे होते. कोट घालताना त्यांचा हात बटणाकडे गेला की ती, "अण्णा, मी लावते!" म्हणून झडप घालायची. अण्णांनी नाक वर केलं.

"रंगाचा वास कुठनं येतोय?"

"हॉलला नवीन रंग दिलाय ना, अण्णा!" मी म्हणालो.

"हॉल दोन किलोमीटरवं हाय," अण्णा म्हणाले. पण साहेबांच्या भेटीच्या आनंदात त्यांनी विषय सोडला.

हॉलमध्ये पाऊल टाकलं आणि मी थक्क झालो. साठ-सत्तर म्हातारे, सगळे गडद हिरव्या कोटात, सगळ्यांची बटणं काळी. एवढे दिवे लागलेले, पण एकाच्याही अंगावर काही चमकत नव्हतं. फार देखणं दिसत होतं ते! आणि त्या रांगेत आमचे अण्णा ताठ मानेनं जाऊन मिसळले. मी देवाला नवस बोललो की एवढे दोन तास रंग टिकू दे, पुढे दर रविवारी जागा राहीन.

तेवढ्यात कर्नलसाहेब आले. उंच, पांढरीशुभ्र मिशी आणि नेमका अंगात पांढराशुभ्र बंदगळा! ते एकेकाला हात मिळवत येत होते, पण अण्णांना बघताच त्यांनी दोन्ही हात पसरले.

"सुभेदारसाहब!"

मी विचार केला नाही. मध्ये घुसलो आणि त्यांचा उजवा हात दोन्ही हातांत पकडला. "नमस्कार सर! मी जावई!"

"अच्छा, अच्छा."

"अण्णा तुमच्याबद्दल फार बोलतात, सर!"

"बहुत अच्छा. अब हाथ छोड़िए."

"सर, प्रवास कसा झाला?"

कर्नलसाहेबांनी मला अलगद उचलल्यासारखं बाजूला केलं आणि अण्णांना मिठी मारली. कडकडून! पाठीवर थोपटलं, सोडलं, परत छातीशी धरलं. अण्णा रडत होते, साहेब रडत होते, आणि मी त्या दोघांपेक्षा जास्त रडत होतो, फक्त कारण वेगळं होतं.

मिठी सुटली. कर्नलसाहेबांच्या पांढऱ्या छातीवर दोन रांगांत सहा काळे बिगुल उमटले होते. आणि अण्णांच्या कोटावर हॉलमधले सगळे दिवे सहा ठिकाणी लखलखत होते.

कर्नलसाहेबांनी स्वतःच्या छातीकडे बघितलं, मग अण्णांच्या, आणि गंभीरपणे म्हणाले, "सुभेदारसाहब, आपकी पोज़ीशन दुश्मन को दिख गई है."

अण्णांनी अंगठ्यानं एक बटण पुसलं. ते आणखी चमकलं. त्यांची मान सावकाश माझ्याकडे वळली.

"जावईबापू, हे काय हाय?"

"अण्णा, मीच केलं," मी म्हणालो. लपायला आता जागा नव्हती. "मला ती मळकी वाटली. उस्तादांची आहेत हे मला माहीत नव्हतं. खरं म्हणजे, एकोणीस वर्षं मी रविवारी झोपतो. मला माफ करा."

अण्णांनी मान खाली घालून परत बटणांकडे बघितलं. मग त्यांच्या मिशीचं टोक हललं.

"अठ्ठावीस वर्सं डोंगरात लपलो," ते हॉलकडे वळून म्हणाले, "कोन्च्या दुश्मनाला घावलो न्हाई. आज घरच्या जावयानं पकडून दिला!"

जो काही हशा उठला! खुर्च्यांवर थापा मारत म्हातारे हसले. कर्नलसाहेबांनी तिथल्या तिथे मला शिक्षा सुनावली, स्टेजवर जाऊन पलटणीचा इतिहास सांगायचा. मी माईकपुढे उभा राहिलो आणि सकाळी वैशालीनं सांगितलेलं घडाघडा बोलून टाकलं. लाल डगले, हिरवे डगले, ढोल नाही, झेंडा नाही, बटण चमकलं की गोळी आली! टाळ्या पडल्या. पहिल्या रांगेत अण्णा मान डोलावत, "हो का! बाप रे! मग?" असं मोठ्यानं म्हणत होते. म्हणजे त्यांना एकोणीस वर्षं सगळं माहीत होतं!

महिन्याभरानं कर्नलसाहेबांकडून टपालानं नवी काळी बटणं आली. पाकिटावर हिंदीत लिहिलं होतं, "दामाद के हाथ में न दें." क्रोमची दहा बटणं अण्णांनी पुडीत बांधून माझ्यापुढे धरली.

"उस्तादांनी मला दिली, आता तुमी ठिवा. मला ल्योक न्हाई. काळी ऱ्हायली नसली तरी हायेत पलटणीचीच."

मी वाकून नमस्कार केला. त्यांच्यासारखाच हिरवा कोट शिवून घेतला आणि त्यावर ती लावली. आता घरातल्या प्रत्येक लग्नाला मी तो घालून जातो आणि अण्णा दर वेळी मला फोटोत सगळ्यांच्या पुढे, मधोमध उभं करतात. मला वाटायचं, हा मान आहे. परवा एका पाहुण्यानं त्यांना तसं विचारलंच.

"मान कसला?" अण्णा म्हणाले. "उद्या कुटनं गोळी आली तर पयली ह्येच्याकडं येईल. बाकीचं घरदार सुखरूप!"

तरीही मी पुढेच उभा राहतो. वर्ष झालं, एका बटणावर डाग नाही. शेवटी प्लेटिंग कुणाचं आहे!