कोपऱ्यातला साठ

गेम खेळताना माझ्या पडद्यावर, डावीकडे वरच्या कोपऱ्यात, एक हिरवा आकडा असतो. कॉम्प्युटर एका सेकंदात किती चित्रं काढून दाखवतोय, ते तो आकडा सांगतो. साठ असला की रस्ता कसा सुळसुळीत पळतो; तिसाच्या खाली उतरला की सगळं गचके खायला लागतं. शहाणी माणसं एकदा सेटिंग नीट करतात, आकडा बंद करतात आणि निवांत खेळतात. मी त्यातली नाही. मी खेळ कमी आणि आकडाच जास्त बघते. समोर डोंगर असो नाहीतर समुद्र, माझी नजर आपली कोपऱ्यात. अठ्ठावन्न दिसला की जीव खालीवर. आई म्हणायची, त्यापेक्षा भिंतीवरचं घड्याळ बघत बस, लाईट तरी वाचंल.

ही खोड कामातून लागली असणार. एमआयडीसीतल्या एका कंपनीत मी क्वालिटीला आहे. दिवसभर हातात व्हर्निअर घेऊन पार्ट मोजायचे आणि केसाएवढा फरक निघाला तरी पेटी परत पाठवायची. घरी आल्यावर ते डोकं काही काढून खुंटीला टांगता येत नाही. एकतीस वर्षांची बिनलग्नाची पोरगी न्हावऱ्यात पत्र्याच्या खोलीत कॉम्प्युटर जोडून गेम खेळते, याबद्दल भावकी काय बोलते ते मला माहीत आहे. त्याची मला काडीचीही फिकीर नाही. मला फिकीर एवढीच, की चैत्रात पत्रा तापला की आकडा पंचेचाळिसावर यायचा. मग मी खिडकीला ओलं पोतं बांधायचे.

अप्पा, म्हणजे माझे वडील, एसटीत ड्रायव्हर होते. शिरूर डेपो. शिरूर–दौंड, शिरूर–यवत या रस्त्यांवरचा एकेक खड्डा त्यांच्या ओळखीचा. रिटायर झाल्यावर चार दिवस घरी बसले आणि पाचव्या दिवशी एक जुनी व्हॅन घेऊन आले. तेव्हापासून रोज सकाळी सहाला गावातल्या आठ बायकांना पहिल्या पाळीला कंपनीत सोडायचं आणि साडेतीनला परत आणायचं, हे त्यांचं काम. त्या बायकांना घरचे नोकरीला सोडत होते ते निव्वळ 'अप्पांची गाडी हाय' म्हणून. दुसऱ्या कुणाच्या गाडीत त्यांना बसू दिलं नसतं. अप्पांना हे माहीत होतं, आणि त्याचा त्यांना ताठाही होता.

गुरुवारी मला सुट्टी असते. अशाच एका गुरुवारी मी ट्रक चालवायचा गेम खेळत होते, आणि अप्पा मागे येऊन उभे राहिले. मी वळणावर ट्रेलर खांबाला घासला. मागून आवाज आला, "अगं, आधी नाक तर पुढं जाऊ दे." मी चिडून खुर्ची सोडली आणि म्हटलं, बसा, तुम्हीच दाखवा. गेमसाठी मी जुनं का होईना पण स्टिअरिंग आणि पायाखालचे पेडल घेतले होते. अप्पा बसले, आरसे बघितले, नसलेला सीटबेल्ट चाचपला आणि अर्ध्या तासात परदेशातला माल एक ओरखडा न काढता पोहोचवून आले. मला काय वाटलं म्हणून सांगू? थोडी लाज वाटली आणि फार अभिमान वाटला.

पण त्यांचा ट्रक चालायचा भारी गमतीने. हमरस्ता मोकळा असला तरी एकाएकी पाय उचलायचे. पुन्हा थोडं दाबायचे, पुन्हा उचलायचे. दोन गुरुवार मला काही कळेना. मग विचारलं, तेव्हा त्यांनी कोपऱ्यातल्या हिरव्या आकड्याकडे बोट केलं. साठ. अप्पांच्या हिशेबाने तो गाडीचा वेग होता. एसटीच्या गाडीला वेगाचं लॉक असतं, त्याच्या पलीकडे ती जातच नाही, आणि माझ्या कॉम्प्युटरचं लॉकही साठलाच लावलेलं. त्यामुळे त्यांना वाटलं, ही गाडी पण आपल्याच डेपोची. शहर लागलं, गर्दी झाली आणि आकडा चाळिसावर आला, की ते म्हणायचे चढ आलाय, आणि गिअर खाली टाकायचे. रस्ता सपाट, पण अप्पा आपले तिसऱ्या गिअरवर.

मी हसून हसून लोळले. मग त्यांना समजावून सांगितलं, की हा वेग नाही, हा कॉम्प्युटरचा दम आहे. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हंजी पिकअप. मग तसं म्हण की." तेव्हापासून आकड्याची राखण त्यांच्याकडे गेली. गुरुवारी मी स्वयंपाकघरात आईला मदत करत असायचे, ते आत ट्रक चालवत असायचे, आणि मी मधूनच हाक मारायचे, अप्पा, किती? आतून उत्तर यायचं, साठ. किंवा पन्नास, आज दम न्हाई. आमच्यात आधी एवढंही बोलणं नव्हतं. माझ्या लहानपणी ते मुक्कामाच्या गाडीवर असायचे, आणि मी मोठी झाले तोवर दोघांनाही गप्प बसायची सवय लागली होती. त्या आकड्यानं आम्हाला बोलायला काहीतरी दिलं. दुसऱ्यांच्या घरी लेकी बापाला विचारतात जेवलात का. मी विचारायचे, किती.

यंदा संक्रांतीच्या आधीचा गुरुवार. मी उंबऱ्याशी मेथी निवडत होते, अप्पा आत खेळत होते. अप्पा, किती? साठ. थोड्या वेळाने पुन्हा विचारलं. अठ्ठावन, आता साठ. मी चहा घेऊन आत गेले आणि सवयीने कोपऱ्यात बघितलं. आकडा नव्हताच. आदल्या दिवशी कसलं तरी अपडेट झालं होतं आणि त्यात तो बंद पडला होता. चालू करायचं माझ्या लक्षातच राहिलं नव्हतं.

मला आधी वाटलं, म्हातारा माझी फिरकी घेतोय. मी हसतच विचारलं, कुठाय साठ? अप्पांनी मान डावीकडे वळवली, डोळे बारीक केले, त्या रिकाम्या कोपऱ्याकडे बघितलं आणि म्हणाले, "हाय की तिथं."

ते थट्टा करत नव्हते. बापाचा चेहरा कळतो हो. आकडा तिथं असणारच या भरवशावर ते सांगत होते, आणि आपल्याला तो दिसत नाही हे लपवत होते. मी चहा खाली ठेवला आणि त्यांच्या नकळत डाव्या कानाशी दोन बोटं धरून हळूहळू पुढं आणली. गालाच्या पुढं गेली, डोळ्याच्या कडेशी आली, तरी अप्पा ट्रक चालवतच होते. बोटं जवळजवळ नाकासमोर आली तेव्हा दचकून म्हणाले, काय करतीस?

मी अंगणात गेले आणि व्हॅन बघितली. उजवी बाजू स्वच्छ. डाव्या बाजूला दारापासून मागच्या चाकापर्यंत ओरखडे, आरसा सेलोटेपने चिकटवलेला. मी रोज त्या गाडीच्या शेजारून जात होते. केसाएवढा फरक पकडणारी मी, मला बापाच्या गाडीची एक बाजू दिसली नव्हती. स्वतःचा एवढा राग मला आयुष्यात आला नसेल.

मग तो राग मी त्यांच्यावरच काढला. आत येऊन जे तोंडाला येईल ते बोलले. आठ बायका असतात गाडीत, त्यांना घरी पोरंबाळं आहेत, हिवाळ्यात सहाला अंधार असतो, हमरस्त्याला डावीकडून दुधाच्या गाड्या घुसतात, तुम्हाला काही वाटतं का? आई दारात येऊन उभी राहिली. अप्पांनी ट्रक बाजूला घेतला, हँडब्रेक लावला, आणि मग माझ्याकडे तोंड केलं. दिवाळीपासून असं आहे म्हणाले. आधी वाटलं चष्म्याचा नंबर वाढला. मग समजलं, पण समजूनही सांगितलं नाही. नोकरीत असताना दरसाल डोळे तपासायचे, म्हणाले, आणि ते नेहमी पास व्हायचे. जे पास होत नव्हते त्यांच्या हातातलं स्टिअरिंग जायचं आणि त्यांना बसायचं काम मिळायचं. ते काम काही वाईट नसायचं, पगारही चालू राहायचा, पण आपल्या समोरून आपली गाडी दुसऱ्याने बाहेर काढलेली बघताना त्या माणसांची तोंडं कशी व्हायची ते अप्पांनी पाहिलं होतं.

"मला तसं बसायचं न्हाई," ते म्हणाले.

 भांडण माझ्या बाजूने बरोबर होतं, तरी ते मी तिथंच सोडलं. त्या दुपारी बायकांना आणायला मी शेजाऱ्याला पाठवलं, अप्पांना बरं नाही असं सांगून. दुसऱ्या दिवशी रजा टाकली, बायकांची खेप पुन्हा शेजाऱ्याच्या गळ्यात घातली आणि अप्पांना घेऊन दौंडला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेले. एसटीने गेलो. ड्रायव्हर ओळखीचा निघाला, त्याने केबिनजवळच्या सीटवर बसवलं. अप्पा पूर्ण वाट समोरच्या काचेतून बघत होते आणि प्रत्येक वळणाआधी त्यांचा उजवा पाय फळीवर दाबला जात होता.

काचबिंदू निघाला. डॉक्टर बाई तरुण होत्या, पण बोलायला शांत. जेवढी नजर गेली ती परत येत नाही, राहिलेली थेंब घालून टिकवायची, रोज, न चुकता. गाडी बंद. अप्पांनी सगळं नीट ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, सकाळची तेवढी एक खेप? डॉक्टर बाईंनी माझ्याकडे बघितलं आणि मान हलवली. नाही म्हणजे नाही. अप्पांनी टोपी सारखी केली आणि बाईंना नमस्कार केला.

परतीच्या वाटेवर मी म्हटलं, बायकांना मी सांगते, तुम्ही घरी थांबा. माणसाला लाज वाटू नये म्हणून म्हटलं होतं. ते म्हणाले, "गाडी माझी, चूक माझी. मी सांगंन."

संध्याकाळी आम्ही दोघं मळ्याच्या वाटेने चालत गेलो. पहिलं घर व्हॅनमध्ये पुढं, अप्पांच्या डावीकडे बसणाऱ्या बाईचं. चाळिशीतली, विधवा, सासू आणि दोन पोरी पदरात. अंगणात ती आणि आणखी तिघीचौघी कांदा निवडत बसल्या होत्या. अप्पांना बघून सगळ्या उठल्या. अप्पा बसले नाहीत. उभ्या उभ्याच त्यांनी सांगितलं, की मला डावीकडचं दिवाळीपासनं दिसत नाही, मी ते लपवलं, आणि तसाच तुम्हाला घेऊन हमरस्त्याने जात होतो. तुमच्या जिवाशी खेळलो. मनात येईल ते बोला, मी ऐकून घेतो.

 मला वाटलं, आता शिव्या बसणार, आणि बसायला हव्यातच. पुढं बसणाऱ्या बाईनं हातातला कांदा टोपलीत टाकला.

"आमाला म्हायतीय, अप्पा," ती म्हणाली. "डावीकडचं मीच बघत व्हते की."

मला काही समजेना. मग दुसरीनं सांगितलं. दिवाळीनंतर एकदा सायकलवाला थोडक्यात वाचला होता. त्या दिवसापासून पुढं बसणारी सारखी बोलत राहायची. बाई बाई, ह्या दुधाच्या गाडीला काय घाई झालीय बघा डावीकडनं. ह्या पोराला काय घरदार न्हाई का, आलाच बघा कडंनं. आता कशी मोकळी झाली सडक. असं सबंध वाटभर, रोज, जाताना आणि येताना. अप्पांना कमीपणा वाटू नये म्हणून सांगायचं ते असं कुरकुर करून सांगायचं, हे बायकांनी आपसात ठरवलं होतं. थोड्या दिवसांनी ते ऐकून अप्पांचा हात आपोआप वळायला लागला होता.

मी भडकले. एवढं माहीत होतं तर बोलायचं नाही का, म्हटलं, एखाद्या दिवशी सगळ्यांचा जीव गेला असता. ती माझ्यावर चिडली नाही. बोललो असतो तर गाडी बंद झाली असती, म्हणाली, आणि गाडी बंद झाली की आमची नोकरी बंद. दुसऱ्याच्या गाडीतनं घरचे एकदोन दिस सोडतील, रोज सोडायचे न्हाईत. आणि अप्पांना कुणी सांगायचं, कुठल्या तोंडानं?

मी तिथंच म्हणाले, मी पहिली पाळी मागून घेते, गाडी मी चालवते. लायसन माझ्याकडे होतं, सवय नव्हती. तुला येते का असं कुणी विचारलंसुद्धा नाही. त्यांना दुसरा इलाज नव्हता आणि मलाही नव्हता.

अप्पा मात्र अजून तिच्याकडेच बघत होते. "मला वाटायचं, हिला रस्त्यानं बोलायची खोडच हाय," ते म्हणाले, आणि ओट्यावर बसले. माझ्या बापाला रडताना मी तोवर कधी पाहिलं नव्हतं. टोपीने तोंड पुसत म्हणाले, "मी समजत व्हतो, मी तुमाला नेतोय."

"नेलंच की," ती म्हणाली, आणि पोरीला आत चहा ठेवायला सांगितला.