कुसुम येऊन गेली

भूतखेत मी मानत नाही. स्मशानाशेजारी संसार केला, कधी काही दिसलं नाही. चौथीपर्यंत शिकले, म्हणून जसं झालं तसंच लिहिते.

तरसालीतल्या दोन खोल्या वडिलांच्या. ते गेले, मी तिथेच राहते. हाउसिंगच्या ऑफिसने कळवलं—वारसाचं नाव लावा, नाहीतर सील मारू. वडिलांच्या कागदात वारस म्हणून नाव कुसुमचं, ते माझं माहेरचं. आता मी सुलोचना. आपल्यात लग्नात नवरा ताटातल्या तांदळात अंगठीने नवं नाव लिहितो, तसं माझं लिहिलं. वडिलांमागे मला कुसुम म्हणणारं कोणी उरलं नाही.

टेबलावरच्या गुजराती भाईला हे सांगून तोंड दुखलं. दोन्ही नावं माझीच, असं ॲफिडेव्हिट दिलं, ते त्याने बाजूला सारलं. "माजी, बेउ जणीने लई आवो." दोघींना घेऊन या.

"अरे भाई, दुसरी कुठून आणू? दोन्ही मीच."

दोघींचे अंगठे एकाच वेळी लागतील, म्हणाला. महिनोन्महिने हेच...

एका दुपारी गेले तर मान वर न करता म्हणाला, कुसुमबेन आत्ताच गेल्या. मला वाटलं, म्हातारीची थट्टा करतोय. मी झापलं. त्याने कॉम्प्युटर माझ्याकडे वळवला. येणाऱ्याचा फोटो तिथेच काढतात.

फोटोत सोळाएक वर्षांची मुलगी. दोन वेण्या, वर बांधलेल्या. डाव्या भुवईत खोक—हौदाच्या कडेवर पडले होते, ती. अंगात जांभळं पोलकं, आईने स्वतःच्या लुगड्याचं शिवलेलं. लग्नाआधी माझा एकही फोटो कोणी काढलेला नाही.

"ही मी आहे," म्हटलं.

त्याने फोटो बघितला, मला बघितलं. तुमची नात का, म्हणाला. मला नात नाही.

तेव्हापासून मी जाते तेव्हा ती नुकतीच गेलेली असते. शेवटी एकदा ऑफिस उघडायच्या आधी जाऊन पायरीवर बसले. दार एकच. माझ्यासमोर कुलूप निघालं, भाईच्या मागोमाग मी आत शिरले. तो खुर्चीवर टेकला, कॉम्प्युटर लावला.

"माजी, मोडां पड्यां. कुसुमबेन आवीने गयां."

मला उशीर झाला म्हणे, कुसुम येऊन गेली...

डॉक्टरने डोकं तपासलं, ठीक आहे. काल खोल्या सोडायची नोटीस घेऊन माणूस आला. नोटीस कुसुमच्या नावाची. मी हात पुढे केला, तर म्हणाला, तुम्हाला देता येत नाही, त्यांना बोलवा.