दिगंबरचा शेवटचा शब्द

हे मी कोणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, मुलाला नाही. ज्या देवापुढे रोज सकाळी हात जोडतो त्यालाही नाही — त्याला ठाऊकच असणार, असं म्हणत टाळत आलो. आज तुम्हाला सांगतोय. तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून जमतंय बहुतेक.

सेलूच्या एका कॉलेजात आम्ही दोघं सव्वीस वर्षं शिकवायला होतो. मी मराठी, दिगंबर तत्त्वज्ञान. त्याच्या वर्गात पोरं कमी — कधी सात, कधी चार. माझा तास नसला की मी मागच्या बाकावर जाऊन बसायचो. देव नाही असं तो कधी ओरडून सांगत नसे. मला सापडला नाही, एवढंच म्हणायचा. पण एक गोष्ट दरवर्षी, खडू खाली ठेवून, अगदी हळू सांगायचा — कोणी बघतंय म्हणून खरं बोललात तर ती शिस्त. बघणारं कोणीच नाही हे पक्कं माहीत असूनही खरं बोललात, तर ती नीती.

मी मान डोलवायचो. आणि शर्टाच्या लांब बाहीखाली मनगटाला बांधलेला गंडा हळूच वर सरकवायचो. सव्वीस वर्षं! त्याला ठाऊक नसेल? असणारच. पण कधी बोलला नाही. त्याच्या त्या न बोलण्याचा मला राग यायचा — हे आज लिहिताना कळतंय, की तेव्हाही कळत होतं?

त्याची बायको वत्सलावहिनी. पालमची. लग्न होऊन आल्या तेव्हा ट्रंकेत देव घेऊन आल्या. दिगंबरनं हरकत घेतली नाही. उलट पुस्तकांचं एक फडताळ रिकामं करून दिलं. पुढं त्यांची एकुलती मुलगी गेली — सहा वर्षांची, तापाचं निमित्त झालं. त्यानंतर वहिनींनी आपणहून देव माहेरी पोचवले. का, ते मला फार उशिरा कळलं.

दिगंबरचं हृदय थकलं होतं. आठवडाभर परभणीला दवाखान्यात होता. त्या दुपारी वहिनी खाली औषधं आणायला गेल्या होत्या, खोलीत मी एकटाच. त्यानं डोळे उघडले, माझा हात धरला, काहीतरी बोलला — आणि वहिनी वर यायच्या आत गेला. काय बोलला ते सांगतो. जरा थांबा. एवढी वर्षं थांबलोय, अजून थोडं.

बाहेर व्हरांड्यात त्याचे थोरले भाऊ बाबाराव उभे होते. पेडगावहून जीप करून तेवढ्यात आलेले, बरोबर भावकीतली दहा-पंधरा माणसं. वडिलांचं क्रियाकर्म करायला दिगंबर बसला नाही, तेव्हापासून दोघा भावांत बोलणं तुटक. बाबारावांनी माझे दोन्ही खांदे धरले.

"सर, तुमी आत व्हतात. शेवटाला देवाचं नाव घेतलं का न्हाई माझ्या भावानं?"

सगळे माझ्या तोंडाकडे बघत होते. मी म्हणालो, "घेतलं. नारायण म्हणाला."

बाबाराव तिथंच फरशीवर बसले आणि रडायला लागले. "सुटला माझा भाऊ, सुटला."

तुम्ही म्हणाल, यात काय बिघडलं? म्हाताऱ्या माणसाला धीर मिळाला. मीही स्वतःला हेच सांगितलं. पण खरं सांगू? ती दया नव्हती. ते शब्द बोलताना मला हलकं वाटलं — गोड वाटलं. ज्याच्यासमोर सव्वीस वर्षं मी चोरासारखा बसलो, तो एका क्षणात माझ्यासारखा झाला होता. त्यालाही मी बाहीखाली एक गंडा बांधून टाकला होता.

तेराव्याला पेडगावात कीर्तन झालं. आयुष्यभर देव नाही म्हणणाऱ्या प्राध्यापकाच्या तोंडीही शेवटी नारायण आलाच, असा दाखला महाराजांनी दिला. मग मला उभं केलं. 'हे बघा साक्षीदार,' म्हणून. माझ्या गळ्यात हार घातला, लोकांनी टाळ्या वाजवल्या. कॉलेजच्या शोकसभेतही तेच सांगितलं गेलं. मागच्या बाकावर त्याची एक विद्यार्थिनी बसली होती. ती उठून बाहेर गेली. मी बसून राहिलो.

पण तुम्हाला सांगायचंय ते हे नाही. इतपत भित्रेपण कोणाच्याही पदरात सापडेल. मला सांगायचंय ते त्यानंतरचं.

महिन्याभरानं वहिनींनी मला घरी बोलावलं. समोर बसल्या. मग म्हणाल्या,

"भाऊजी, खरंच म्हनले का हो ते?"

मी मनगटावरची बाही खाली ओढली.

"पोरगी गेली तवा मी रात्रंदिवस देवाला हाका मारायले. तर ह्यांनी मला जवळ घेतलं. म्हनले, तिथं कोणी न्हाई वत्सला. आपन दोघंच हावोत, एकमेकाला धरून राहू. मी राह्यले भाऊजी. देव सोडले, ह्यांना धरलं. आन् शेवटच्या वक्ताला हे मला सोडून कोणाकडं गेले?"

तिथं बाबाराव नव्हते. गर्दी नव्हती. एक बाई होती, आणि तिला खरं हवं होतं. मी नुसतं 'नाही' म्हटलं असतं तरी पुरे होतं.

मी म्हणालो, "हो वहिनी. या कानांनी ऐकलं."

का? हार घालून घेतला होता. पेडगावपासून सेलूपर्यंत सगळ्यांना माहीत झालं होतं. शब्द मागं घेतला असता तर मला तोंड दाखवायला जागा नव्हती. गंमत बघा — मी देव मानणारा माणूस. तो बघतोय असं मानणारा. वहिनींसमोर बसलो असताना मला त्याची भीती वाटली नाही. बाबारावांची वाटली.

वहिनी रडल्या नाहीत. "बरं," म्हणाल्या. त्या आठवड्यात दिगंबरच्या साऱ्या वह्या — त्याच्या हातची तीस वर्षांची टिपणं — रद्दीत गेल्या. भिंतीवरचा फोटो उतरला. घर रिकामं करून त्या पालमला भावाकडे गेल्या. एकदा तिथल्या एसटी स्टँडवर भेटल्या. माझ्या गुडघ्यांची चौकशी केली. मी दिगंबरचा विषय काढला, तर म्हणाल्या, "त्यांचं नाव नका काढू माझ्यापुढं." बस लागली होती, चढून बसल्या. खिडकीतून बघितलंसुद्धा नाही.

मागच्या थंडीत त्या वारल्या. मला दोन दिवसांनी कळलं.

आता सांगतो, त्या दुपारी तो काय बोलला. त्यानं माझा हात धरला आणि म्हणाला, "भीती वाटायलीय रे. वत्सलाला बोलाव." मी दाराशी धावलो, नर्सला हाका मारल्या. परत आलो तेव्हा त्याचे ओठ हलत होते. मी कान जवळ नेला. एकच शब्द होता, दोनदा-तीनदा, तुटत तुटत.

वत्सला.

तिचं नाव मी त्याच्या तोंडून काढलं आणि तिथं देवाचं घातलं. ती समोर बसून विचारत होती, कोणाकडं गेले, आणि मला उत्तर पाठ होतं.

हे तिला सांगायचं होतं. तुम्हाला सांगितलं.