मोकळे पाच दिवस

छापखान्यात त्यांना सगळे तारीखमास्तर म्हणत. तीस वर्षं ते कॅलेंडरांची मुद्रितं तपासत आले होते. एकतीस तारखेची तीस झाली, रविवार शनिवारच्या घरात जाऊन बसला, की मास्तरांची लाल पेन्सिल तिथे पोचलीच म्हणून समजा. घरीही तीच तऱ्हा. बायको बोलता बोलता ‘परवा’ म्हणाली की हे जेवणातून मान वर करून ‘तेरवा’ म्हणणार. देवाने दिवस उगवून दिला, त्याला आकडा घालायचं काम मात्र आपल्यावर सोपवलं, अशी त्यांची मनोमन समजूत होती. खंत एकच. तीस वर्षांत लाखो कागद हाताखालून गेले, पण स्वतःचं नाव कधी कशावर छापून आलं नाही.

एकदा छापखान्यात एक जाडजूड कादंबरी आली. दोन चंद्रांचं काल्पनिक राज्य, त्यात राजे, राण्या, लढाया. मास्तरांनी चारशे पानं तपासली आणि लेखकसाहेब मालकांकडे आले तेव्हा त्यांना गाठलंच.

“साहेब, तुमची राणी चौदा महिने पोटुशी आहे.”

“मास्तर, ते जग काल्पनिक आहे.”

“जग असेल. बाळंतपण कसं काल्पनिक असेल? आणि थोरला चंद्र एकाच आठवड्यात दोनदा पूर्ण भरतो.”

लेखकसाहेबांनी कपाळाला हात लावला. “मग तुम्हीच बनवा त्यांचं कॅलेंडर! पहिल्या पानावर छापतो. खाली तुमचं नाव.”

तेवढ्यानेच मास्तर घरी आले ते जमिनीपासून वीतभर वरूनच.

महिनाभर जेवणाच्या टेबलावर ताटाला जागा नव्हती. अखेर कॅलेंडर सिद्ध झालं. छत्तीस दिवसांचा एक असे दहा महिने, म्हणजे कुठलाही महिना धाकटा नाही, कुठलाही थोरला नाही. थोरला चंद्र महिन्यात एकदा भरणार, धाकटा चारदा. उरले पाच दिवस. ते मास्तरांनी वर्षाच्या तोंडाशी ठेवले आणि त्यांना ‘मोकळे दिवस’ म्हटलं. त्या दिवसांत राज्यात कुणीही काम करायचं नाही. राजानेसुद्धा. तसा त्याच्यामुळे फारसा फरक पडणार नव्हता म्हणा.

तपासल्याशिवाय काही हातावेगळं करायचं नाही हा मास्तरांचा नेम. त्यांनी पाच दिवसांची रजा टाकली आणि कॅलेंडर स्वयंपाकघराच्या भिंतीवर चिकटवलं.

“उद्यापासून आपल्या घरात हे वर्ष लागू. पहिले पाच दिवस कुणी काम करायचं नाही.”

“कुणीच?” बायकोने विचारलं.

“कुणीच.”

दुसऱ्या दिवशी सकाळी ती आंघोळ करून देवापुढे बसली ती बसलीच. नऊ वाजले. मास्तर दोनदा खाकरले.

“चहा?”

“मोकळा दिवस ना?”

मास्तर हसले. बायकोला थट्टा जमते, याचं त्यांना कौतुक वाटलं. बारा वाजेपर्यंत कौतुक ओसरलं आणि पोटात कावळे ओरडायला लागले.

“अगं, स्वयंपाक म्हणजे काही काम थोडंच आहे?”

शब्द तोंडातून गेला आणि मास्तरांना कळलं, की हा खोडता येणार नाही. बायकोने चष्मा काढला, पुसला, परत घातला.

“नाही ना? मग तुम्ही करा की.”

पहिला दिवस केळ्यांवर गेला. दुसऱ्या दिवशी मास्तरांनी भात लावला. वरचा कच्चा, खालचा काळा, मधला चमचाभर तेवढा भात. ती निवांत खुर्चीत बसून म्हणाली, “अहो, तुमच्या त्या राज्यात या दिवसांत चूल कोण पेटवतं?”

मास्तरांनी चारशे पानं पुन्हा चाळली. सतरा मेजवान्या होत्या. लोक ताटं चाटूनपुसून जेवत होते. शिजवलेलं मात्र कुणीच नव्हतं.

चूक ती चूक. पाचव्या दिवशी त्यांनी लाल पेन्सिलीने कॅलेंडराखाली एक ओळ घातली: ‘मोकळ्या दिवसांत, वर्षभर जे चुलीकडे फिरकले नाहीत त्यांनी चूल सांभाळावी.’

छापखान्यात मुद्रितावर ती ओळ वाचून लेखकसाहेब उखडले. “बाराव्या प्रकरणातली लढाई याच दिवसांत आहे! माझा सेनापती काय कांदा चिरत बसेल?”

“बसू दे. डोळ्यांत पाणी येईल, लढाई टळेल.”

“ही ओळ काढा. नाहीतर हिच्याखाली तुमचं नाव यायचं नाही.”

मालकांनी काचेआडून डोळ्यांनी खुणा केल्या, काढून टाका म्हणून. मास्तरांनी कागद हातात धरला. नाव जुळवून झालेलं होतं, ठळक अक्षरांत, एकही चूक नसलेलं. त्यांनी पेन्सिल उचलली आणि नावावर काट मारली.

“आता तपासून झालं,” म्हणाले आणि पुढच्या कागदाकडे वळले.

पुस्तक यायला जवळजवळ वर्ष लागलं. लेखकसाहेबांनी लढाई दोन महिने पुढे ढकलली होती. एका सुट्टीच्या सकाळी मास्तरांनी पुस्तक बायकोसमोर ठेवलं. तिने पहिलं पान उलटसुलट करून पाहिलं.

“नाव कुठाय तुमचं?”

“गळलं असेल छापताना.”

“तुमच्या नजरेखालून?”

तिने खालची ओळ वाचली, पुन्हा वाचली. मग उठून भिंतीवरच्या कॅलेंडरापाशी गेली. गेलं वर्षभर गॅसची टाकी कधी बदलली त्याच्या खुणा ती त्याच्यावर करत होती. तिने शेवटच्या महिन्याच्या घरांवरून बोट फिरवलं.

“अहो, नवं वर्ष लागलं की तुमचं. आज पहिला मोकळा दिवस.”

मास्तरांनी मनात हिशेब केला. अजून अकरा दिवस होते. अकरा! जिभेच्या टोकाशी आलेला आकडा त्यांनी गिळला, खिशातल्या पेन्सिलीवरचा हात काढला आणि शर्टाच्या बाह्या वर सारल्या.

“मीठ कुठे ठेवतेस गं?”